आई बेने इस्रायली (कोकणातले मराठी बोलणारे ज्यू), वडील आगरी : अशा मिश्र वारशावर चित्र, ध्वनी, सादरीकरण एकत्र करायचं तर सुरुवात कुठून करू?

तुम्ही लिहिलंय की अलिबागला वाढलात आणि जे करायला घ्याल ते ‘अर्धं हे, अर्धं ते’ होऊन बसतं. माझं आजोळ मुरूडच्या कोकणी मुसलमानांतलं, वडील रेवदंड्याचे भंडारी. ‘म्हणजे तुम्ही नक्की कोण?’ हे मीही लहानपणापासून ऐकत आलोय. माझं म्हणणं एवढंच, की कलाकृतीतून त्याचं उत्तर द्यायला जाऊ नका. गेलात की एका भिंतीवर मेनोरा (ज्यूंचा सात फांद्यांचा दिवा), दुसऱ्या भिंतीवर आगरी लग्नाचा फोटो आणि मध्ये आरसा, असलंच काहीतरी होतं.

त्यापेक्षा जिथे मिसळण कधीच होऊन गेलीय आणि घरच्यांना तिचं अप्रूपही उरलेलं नाही, अशी एखादी वस्तू किंवा रीत धरा. तुमच्या आईकडे तर त्याला तोटाच नाही. १८७४ साली पुण्यात छापलेली मराठी हगादा बघा, पेसाह या ज्यू सणाच्या रात्री वाचतात ती पोथी. तिच्यातल्या चित्रात साड्या नेसलेल्या बायका जमिनीवर बसून बिनखमिराच्या भाकऱ्या करतायत. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस बेने इस्रायलींनी मराठीत कीर्तनंही रचली. कथा बायबलातल्या, घाट आपल्या कीर्तनाचा. तुमचं सादरीकरण इथे निम्मं तयारच आहे. घरात कुणा म्हाताऱ्या माणसाला एखादं पद येतं का, ते आधी विचारा.

ध्वनीसाठी मी मलिद्यापासून सुरुवात केली असती. या विधीत एलियाहू हन्नाबीच्या, म्हणजे बायबलातल्या एलिया प्रेषिताच्या नावाने ताट मांडतात, त्यात गोड पोहे, खवलेलं खोबरं, फळं. आजोळची खवणी आणि वडिलांकडची खवणी वेगवेगळ्या रेकॉर्ड करा आणि कुठली कुणाची ते ऐकणाऱ्याला ओळखायला लावा. (फोनवर चालतं, पण पंखा बंद करा.)

सिओना बेंजामिन यांचं काम पाहिलं नसेल तर जरूर पाहा. मुंबईत जन्मलेल्या बेने इस्रायली चित्रकार, आता अमेरिकेत असतात. त्यांच्या निळ्या कातडीच्या बायका ज्यू की हिंदू, हे ठरवता येत नाही, आणि त्या ठरवूही देत नाहीत. त्यांनी नेपथ्याचंही शिक्षण घेतलंय, ते चित्रांच्या मांडणीत जाणवतं. मात्र निळा रंग त्यांचा आहे, तो उचलू नका.

एक मात्र सांभाळा. अलिबागजवळ नवगावला बेने इस्रायलींचं जुनं कबरस्तान आहे, तिथे किंवा सिनेगॉगमध्ये कॅमेरा काढण्याआधी तिथल्या माणसांना विचारा. तुमची आई त्यांतली असली तरी विचारा. समाज आता लहान झालाय, येणारा प्रत्येक जण त्यांचे फोटोच काढत असतो. आणि आजीकडचे जुने कागद, फोटो मिळाले तर मे महिन्यातच स्कॅन करून घ्या. आपल्याकडे एका पावसाळ्यात बुरशी धरते.