कडी स्वप्नात होती का?

प्रिय,

स्वप्नात पाहून तू हातांनी घडवलेली पेटी मिळाली, पत्रही मिळालं. काही दिवसांतच पेटीला तडा गेला म्हणून तू खट्टू झाली आहेस आणि स्वप्न हातात मळताना काही कमी पडलं का असं विचारते आहेस. मळलं आहेस उत्तम. पेटी मी उजेडात धरून सगळीकडून पाहिली. दिसायला लाकूड, हाताला कोमट, आणि आतली जागा बाहेरच्या मापापेक्षा थोडी मोठी. हे नवशिक्याला सहसा साधत नाही. तडा कुठून निघालाय ते मात्र नीट बघ. पुढच्या कडीपाशी सुरू होऊन तो कडीभोवतीच फिरलाय, बाकी पेटीवर साधा चरा नाही. आता खरं सांग, ती कडी स्वप्नात होती का?

नव्हती, असं मला वाटतं. तिथे पेटी आपोआप उघडली असेल, किंवा ती उघडते हे तुला नुसतं ठाऊक असेल. जाग आल्यावर मन म्हणालं, कडीशिवाय पेटी उघडायची कशी, आणि हातांनी कडी घडवून टाकली. स्वप्नघडणीतले बहुतेक तडे इथेच पडतात. जाग्या मनाला रिकामी जागा बघवत नाही. जिन्याची एक पायरी नसली की ते पायरी बसवतं, चेहरा पुसट असला की नाक-डोळे काढतं. पण स्वप्नाची ओल, म्हणजे जाग येताना हातात उतरणारा आणि वस्तू घडवणारा त्याचा ओलावा, पाहिलेल्यालाच धरते. नंतर सुचलेल्याला ती धरत नाही, मग तुझा हात कितीही सफाईदार असो.

म्हणून उठल्यानंतरची पहिली काही मिनिटं जिवापाड जप. डोळे उघडू नकोस, कूस बदलू नकोस. ठळक स्वप्नं पडतात त्या झोपेत बुबुळं पापण्यांआड भराभर फिरत असतात आणि हातापायांचे स्नायू जवळजवळ निश्चल असतात. युजीन असेरिन्स्की आणि नॅथॅनिएल क्लाइटमन या झोपेच्या अभ्यासकांनी १९५३ साली ही झोप जगापुढे मांडली. रात्रीतून साधारण दर ९० मिनिटांनी ती येते आणि पहाटेकडे लांबत जाते. पहाटेची स्वप्नं खरी होतात असं लोक म्हणतात, आणि आपल्या कामापुरतं ते अगदी बरोबर आहे: घडणीला पहाटेचंच स्वप्न घ्यावं, त्यात ओल जास्त असते.

ओल अंगठ्याच्या मुळाशी आधी उतरते. तिथे गारवा जाणवतो, मग तळहातात भिजल्या मातीसारखं काहीतरी मऊ भरत जातं. मूठ आवळायची घाई करू नकोस. बोटं अर्धवट मिटलेली राहू देत आणि तेवढ्यात मनाशी निवड कर. काय डोळ्यांनी दिसलं? काय न दिसता ठाऊक होतं? आणि काय आत्ता, या क्षणी, तू जोडते आहेस? जोडलेलं तिथेच सोडून दे. दिसलेलं आकारात घाल. ठाऊक असलेल्याचं काम सगळ्यात अवघड. ही पेटी कुणाची तरी ठेव आहे, असं स्वप्नात पक्कं माहीत असतं, पण तसं तिच्यावर कुठे लिहिलेलं नसतं. ते आकारात आणायला गेलीस तर वस्तू बटबटीत होते. मळताना ते फक्त मनात धरून ठेव, म्हणजे ते वजनात उतरतं. चांगल्या घडणकाराची वस्तू हातात घेताच माणूस थबकतो तो या वजनामुळे.

आणि टिपण काढून मग सावकाश घडवू, हा विचार सोड. ऑटो लोवी या शास्त्रज्ञाला मज्जातंतूंच्या एका प्रयोगाची कल्पना झोपेत सुचली. त्यांनी रात्रीच चिठ्ठीवर काहीतरी खरडलं आणि सकाळी ते त्यांचं त्यांनाच वाचता येईना. पुढच्या रात्री तीच कल्पना परत आली तेव्हा मात्र ते उठून तडक प्रयोगशाळेत गेले आणि बेडकाच्या हृदयावर प्रयोग करूनच थांबले. त्या कामासाठी १९३६ साली त्यांना नोबेल मिळालं. कल्पना निदान परत येऊ शकते. ओल परत येत नाही.

तुझ्या दुसऱ्या प्रश्नाबद्दल. त्या बाईंना त्यांची आई स्वप्नात दिसते आणि तिचा चेहरा घडवून हवा आहे. त्यांची तळमळ मला समजते, तरी हे काम घेऊ नकोस. स्वप्न त्यांचं, ओल त्यांच्या हातात, तुझ्यापर्यंत येते ती हकीकत. ती त्यांनी किती जणांना सांगितली असेल, आणि सांगताना दर वेळी एखादी रिकामी जागा भरली असेल. त्यावरून घडवलेला चेहरा त्यांच्या डोळ्यांदेखत तडकेल, आणि ते दुःख तू त्यांना द्यावंस असं मला वाटत नाही. त्यापेक्षा त्यांना स्वतःला शिकव. आईच्या हातात काय होतं एवढंच विचार: वाटी, किल्ली, पदराचं टोक, जे दिसलं असेल ते. त्यांच्या शेजारी बस, पण त्यांच्या हाताला हात लावू नकोस. अर्धवट घडलं तरी अर्धवटच राहू दे, आणि त्या पूर्ण करायला निघाल्या तर त्यांना थांबव.