परवाच्या दोन्ही बाजूंना राहणारे जीव

प्रश्न : मी एक विज्ञानकथा लिहीत आहे. तिच्यातील जीवजातीला मी 'अक्रमी' असे नाव दिले आहे. या जिवांना भूत, वर्तमान आणि भविष्य एकाच वेळी दिसतात. माझ्या मित्राचे म्हणणे असे की भौतिकशास्त्रात असा जीव बसतच नाही. शिवाय पुढचे सगळे आधीच ठाऊक असेल, तर पात्रांना निर्णय कसले घेता येणार? यातून वाट कशी काढावी?

उत्तर : आपल्या प्रश्नातील 'एकाच वेळी' आणि 'आधीच' या दोन शब्दांपाशी प्रथम थांबायला हवे, कारण हे दोन्ही शब्द काळाच्या ओळीतले आहेत. पुढचे आधी जाणणारा तो त्रिकालज्ञ. तो तुमच्या-माझ्यासारखा ओळीतच उभा असतो, फक्त त्याची नजर लांब पोहोचते. ओळीबाहेरचा जीव रंगवायला घ्यावा आणि हातून भविष्यवेत्ता उतरावा, अशी गफलत या प्रकारच्या कथांत फार होते, आणि आपली कथा त्याच वळणावर उभी आहे असे मला वाटते.

आपल्या मित्राचे म्हणणे अर्धे बरोबर आहे. आइन्स्टाइन यांच्या १९०५ च्या सापेक्षता सिद्धांतानुसार दूरदूर घडलेल्या दोन घटना एकाच क्षणी घडल्या की नाही, हे पाहणाऱ्याच्या गतीवर अवलंबून असते. त्यामुळे सगळ्या विश्वाला लागू पडेल असा एकच 'आत्ता' उरत नाही. पुढे १९०८ मध्ये गणितज्ञ हेर्मान मिन्कोवस्की यांनी अवकाश आणि काळ यांना एकाच चौमितीय रचनेत बसवले. त्या रचनेकडे पाहून अनेक तत्त्वज्ञ असे म्हणतात की सगळ्या घटना नकाशावरील गावांप्रमाणे आपापल्या ठिकाणी आहेतच. हे मत सर्वमान्य नाही, पण कथेला तेवढा आधार पुरेसा आहे. म्हणजे काळ एकसंध पसरलेला असण्याला भौतिकशास्त्राची आडकाठी नाही.

खरी अडचण येते ती शरीरापाशी. कणांच्या हालचालींचे मूलभूत नियम काळाच्या दोन्ही दिशांना जवळजवळ सारखेच चालतात. काळाला दिशा मिळते ती भौतिकशास्त्रज्ञ लुडविग बोल्ट्झमान यांनी उलगडलेल्या एन्ट्रॉपीच्या, म्हणजे ढोबळमानाने विस्कळीतपणाच्या, वाढीमुळे. ही वाढ उतारासारखी एकाच दिशेने जाते. अन्न पचणे, जखम भरणे, काही लक्षात राहणे या सगळ्या क्रिया त्या उताराला धरून चालतात. स्मृतीची जागा नव्या नोंदीसाठी पुन्हा वापरायची, तर जुनी माहिती पुसावी लागते, आणि पुसताना किमान काही उष्णता बाहेर टाकावीच लागते, हे भौतिकशास्त्रज्ञ रोल्फ लँडॉवर यांनी १९६१ मध्ये मांडले. गेलेल्या क्षणाची खूण शरीरात उमटते आणि येणाऱ्या क्षणाची उमटत नाही, याचे मूळही त्याच उतारात आहे. तेव्हा अक्रमी जर शिकत असतील, विसरत असतील, भुकेले होत असतील, तर ते ओळीत आले. त्यांना ओळीबाहेर ठेवायचे असेल, तर त्यांच्या तोंडून 'मला आठवते' आणि 'मला समजले' ही दोन वाक्ये काढून घ्यावी लागतील. हे लेखकाला महागात पडते, पण ही किंमत न देता लिहिलेल्या कथेवर वाचकाचा विश्वास बसत नाही.

आता निर्णयाविषयी. त्रिकोणाचे दोन कोन ठाऊक असले की तिसरा ठरतो. पण तो दोघांच्या 'नंतर' तयार होत नाही आणि त्याच्यावर कोणी सक्तीही केलेली नसते. तिसरा कोन तेवढाच का, याला कारण आहे; मात्र त्या कारणात आधी-नंतर नाही. अक्रमींच्या कृतींचा विचार असा करून पाहा. एका अक्रमीने दुसऱ्याला वाचवले, तर त्या कृतीमागे माया आहे, धैर्य आहे, दोघांचे नातेही आहे, आणि त्यांतील काहीही काढले तर कृतीचा आकार बदलतो. नाही ती फक्त निर्णयापूर्वीची घालमेल. त्यामुळे 'आता तो काय करील?' ही उत्सुकता आपल्या कथेला मिळणार नाही. 'तो असा का आहे?' ही मात्र मिळेल, आणि माझ्या मते ती अधिक खोल आहे.

प्रश्न : अशा जीवांची भाषा मराठीत कशी दाखवावी? सगळी वाक्ये वर्तमानकाळात लिहिली तर चालेल का?

उत्तर : चालणार नाही, कारण वर्तमान हाही एक काळच आहे, सलग वर्तमानकाळ वाचताना वाचकाला कालातीतता जाणवत नाही, घाई जाणवते. दिशा उलटी करूनही भागत नाही. अँडीज पर्वतातील आयमारा भाषेत गेलेला काळ डोळ्यांसमोर आणि येणारा पाठीमागे मानतात. तरी ती ओळच आहे, माणूस फक्त दुसरीकडे तोंड करून उभा आहे.

आपल्या भाषेत मात्र एक मोठी सोय आहे. 'परवा' हा शब्द कालच्या पलीकडचा दिवसही सांगतो आणि उद्याच्या पलीकडचाही. अंतर शब्दात असते, दिशा क्रियापदावरून कळते : 'परवा आला', 'परवा येईल'. शिवाय दाराबाहेर पाऊलही न टाकता आपण 'आलोच' म्हणतो, आणि इतिहास सांगताना १६७४ मधील राज्याभिषेकाविषयी 'महाराज सिंहासनावर बसतात' असेही लिहितो. व्याकरणातला काळ आणि घडण्याचा काळ यांची गाठ मराठीत मुळातच सैल आहे. अक्रमींना केवळ 'परवा'सारखेच शब्द द्यावेत, ज्यांत अंतर आहे पण बाजू नाही, आणि क्रियापदे शक्य तितकी गाळावीत. 'परवा पूर. परवा आपण दोघे टेकडीवर.' माणसाचे पात्र विचारील, 'कोणता परवा?' आणि अक्रमीला तो प्रश्नच कळणार नाही. दोन जातींमधले सगळे अंतर त्या एका प्रश्नात मावते.

प्रश्न : माझ्या घरात अलीकडेच एक मृत्यू झाला. अशा काल्पनिक जीवांना दुःख होत असेल का, हा विचार मनातून जात नाही.

उत्तर : आपला प्रश्न कथेपुरता नाही, याची जाणीव ठेवून लिहीत आहे. आइन्स्टाइन यांचे जिवलग मित्र मिशेल बेसो १९५५ च्या मार्च महिन्यात वारले. तेव्हा त्यांच्या कुटुंबाला लिहिलेल्या पत्रात आइन्स्टाइन यांनी भूत, वर्तमान आणि भविष्य यांतील भेद हा केवळ एक चिवट भ्रम आहे, अशा आशयाचे वाक्य लिहिले. महिनाभरातच तेही गेले. त्या वाक्यातून सगळ्यांना धीर मिळतोच असे नाही, आणि तो मिळाला नाही तर आपले काही चुकले असे मानू नये. आपण ओळीत जगतो. ज्याच्याशी रोज बोललो, त्याच्याशी उद्या बोलता येणार नाही, हे दुःख ओळीतलेच आणि पूर्ण खरे आहे.

अक्रमींना ते होणार नाही. त्यांच्या दृष्टीने मृत्यू म्हणजे आयुष्याची एक कड, जशी शरीराला त्वचेची कड असते. कडेच्या आतले सारे आहेच. पण दुःखापासून ते सुटले आहेत असे मला वाटत नाही. दोन आयुष्ये एकमेकांना कुठेच न भिडणे, एकाची कड संपते तिथून दुसऱ्याची बरीच दूर सुरू होणे, हे त्यांचे दुःख असेल. जे भेटले त्यांच्यासाठी ते रडणार नाहीत. ज्यांची भेट कोणत्याच परवावर नाही, त्यांच्यासाठी मात्र रडतील.