भयपटाला संगीत देऊ पाहणाऱ्यास पत्र

वडसा (देसाईगंज), जि. गडचिरोली

प्रिय विद्यार्थ्यास,
अनेक आशीर्वाद.

तुझ्या लघुपटाचे संगीत लक्ष देऊन ऐकले. पडद्यावर काही हलले की धमाका आणि त्यामागे किंकाळी, यामुळे प्रेक्षक दचकतो हे खरे. पण दचकलेला माणूस लगेच सावरतो, भ्यालेला सावरत नाही. आपल्या पूर्व विदर्भातल्या झाडीपट्टीच्या नाटकात रात्रभर बसलेला मंडप जागा ठेवायला जोर लावावाच लागतो, आणि ऑर्गनवर बसून मीही तेच करतो. सिनेमाला ती गरज नाही.

जॉन कारपेंटर यांनी दिग्दर्शनाबरोबर संगीतही दिलेल्या 'हॅलोविन'ची (१९७८) धून पेटीवर काढून बघ. ती पाच मात्रांच्या ठेक्यात आहे आणि तो ठेका त्यांना वडिलांनी लहानपणी बाँगोवर शिकवला होता. अर्ध्या मात्रा मोजल्या तर दहा भरतात, म्हणजे आपल्या झपतालाइतक्याच. परंतु झपतालाचे विभाग दोन-तीन-दोन-तीन असे पडतात, तर येथे वजन तीन-तीन-दोन-दोन असे येते, त्यामुळे तबल्यावर झपताल धरून ती वाजवू गेल्यास पहिल्याच आवर्तनात हात अडखळतो. ऐकणाऱ्याला हा हिशेब कळत नाही. चारच्या चालीची सवय असलेल्या त्याच्या कानाला जेथे टेकायचे असते तेथे जागा मिळत नाही, एवढेच त्याला जाणवते, आणि धून संपेपर्यंत तो अस्वस्थ राहतो.

हाताशी वाद्ये कमी आहेत ही तुझी तक्रार मात्र मला पटत नाही. 'सायको' या भयपटासाठी (१९६०) संगीतकार बर्नार्ड हरमन यांनी केवळ तंतुवाद्ये घेतली. स्नानगृहातील प्रसंगाला संगीत नको, असे दिग्दर्शक हिचकॉक यांचे मत होते. हरमन यांची रचना ऐकल्यावर त्यांनी ते बदलले.

तुझ्या घरी डबल रीडची, म्हणजे प्रत्येक पट्टीला दोन रीड असलेली, जुनी पेटी आहे. षड्ज आणि कोमल ऋषभ एकत्र दाबून धर, भाता अगदी सावकाश चालव आणि दोन सुरांच्या घासण्यातून उठणारी थरथर ऐक. एखाद्या पट्टीची एक रीड किंचित उतरली असेल तर ती इतक्यात जुळवून घेऊ नकोस, कारण ४४० आणि ४४३ कंपनांचे सूर एकाच वेळी वाजले की सेकंदाला तीन हेलकावे येतात आणि सरळ धरलेला सूरही स्थिर वाटत नाही. उन्हाळी धानाच्या जागलीला जाशील तेव्हा रातवा पक्ष्याचा आवाज मोबाइलवर टिपून आण: त्याचे टोले आधी सुटे पडतात, मग एकमेकांच्या जवळ येत जातात आणि एकाएकी थांबतात. लय अशी आवळत नेणे त्याच्याकडून शिकण्यासारखे आहे.

आता तुझ्या लघुपटातला विहिरीचा प्रसंग केवळ पेटीवर पुन्हा बांध. ती बाई मागे वळून पाहते तेथे प्रत्येकाला धमाका अपेक्षित असतो. तेथे काहीच वाजवू नकोस, ती घरात शिरून कडी लावते तेव्हा सूर सुरू कर. तयार झाले की पाठव. हंगामात प्रयोग पहाटेपर्यंत चालतात, म्हणून फोन संध्याकाळी करावा.

तुझा शुभचिंतक