आजी बोलते तसंच लिही

प्रिय मुली,

रविवारी दादरला गोष्ट वाचून झाल्यावर तू विचारलंस, "गावात आम्ही चाकरमानी, नालासोपाऱ्यात गावाकडचे. मग मी नक्की कुठली?" तेव्हा मी गप्प राहिलो, कारण माझं मन तुझ्या आजीच्या संवादांत अडकलं होतं. कणकवलीची म्हातारी, जन्मभर मालवणी बोललेली, आणि तुझ्या गोष्टीत बातम्या दिल्यासारखी बोलते. 'मला काहीच समजत नाही.' अगं, 'माका कायच कळना नाय' म्हणाली असेल ती! ते लिही.

रागावलोय, पण हा राग जुना आहे. माझे वडील लालबागला गावकऱ्यांच्या खोलीत राहायचे. दहा बाय बाराची खोली, एकाच गावचे वीस-पंचवीस गडी, प्रत्येकाची एक ट्रंक. दिवसपाळीवाला उठून गेला की त्याच जागी रातपाळीवाला वळकटी पसरायचा. खोली गावाच्या नावाची, कानावर भोंगा गिरणीचा; दोन्ही त्यांचंच होतं. १८ जानेवारी १९८२ ला संप सुरू झाला, अडीच लाखांच्या आसपास कामगार बाहेर पडले. काही महिन्यांनी वडील ट्रंक घेऊन गावी आले.

त्यावर मी पहिली गोष्ट लिहिली. संपादकांनी आईचे संवाद 'शुद्ध' करून मागितले. एका रात्रीत करून दिले. छापलेला अंक घेऊन गावी गेलो, आईला वाचून दाखवला. ती शेवटपर्यंत ऐकत होती. मग म्हणाली, "ही बाई कोण रे? आमच्यात अशी कोण बोलता?"

त्यानंतर मी एकही संवाद बदलू दिला नाही. चार गोष्टी साभार परत आल्या, अजून तशाच पडून आहेत. हेकट म्हणाले, म्हणू देत. वाचक अडतो म्हणे! 'खंय' आणि 'गजाल' वाचून कोण अडलंय आजवर? कंसात अर्थ देत बसू नकोस. आजी बोलते तसंच लिही.

आणि तुझं स्वतःचं बोलणं? मला म्हणालीस, "गाडी नाही भेटली." गोष्टीत मात्र 'गाडी मिळाली नाही.' कुणाला घाबरलीस?

'मी कुठली' हे आधी ठरवून मग लिहायचं, हे तुझ्या डोक्यात कुणी घातलं? अण्णाभाऊ वाटेगावाहून येऊन घाटकोपरच्या चिरागनगरात लिहीत होते. नारायण सुर्व्यांना तर गंगाराम सुर्वे या गिरणी कामगाराने रस्त्यावरून उचलून घरी नेलं. गाव सांगायची सोयच नव्हती. ते कामगारांत वाढले, त्यांच्या बोलीत लिहीत गेले.

गोष्ट पुन्हा लिही. मला दाखवण्याआधी आजीला वाचून दाखव. "नाय गो, मी असा बोलूक नाय," म्हणाली की तिथे खूण कर. येताना ते खुणांचे कागदच आण, नवी प्रत नको.

तुझा,
काका