थ्रोम्बोसायटोसिस म्हणजे नक्की काय हो?

प्रश्न : आईच्या सीबीसी रिपोर्टमधे प्लेटलेट ५ लाख २० हजार आल्यात आणि खाली थ्रोम्बोसायटोसिस लिहिलंय. डेंग्यूत कमी होतात तेव्हा पण असंच काहीतरी नाव होतं ना? शिवाय हिमोग्लोबिन ९ आहे.

उत्तर : नाव सारखं वाटतं पण शेपूट बघा. ग्रीकमधे थ्रोम्बोस म्हणजे गुठळी, कायटोस म्हणजे पेशी, म्हणून प्लेटलेटचं दुसरं नाव थ्रोम्बोसाइट, आणि शेवटी 'पेनिया' आलं की कमतरता, डेंग्यूतलं ते थ्रोम्बोसायटोपेनिया. 'ओसिस' आलं की संख्या वाढलेली, म्हणजे साधारण साडेचार लाखांच्या वर. आता हा स्वतः आजार नाहीये, नुसतं निरीक्षण आहे, आणि बहुतेक वेळा कारण दुसरीकडेच असतं, इन्फेक्शन, सूज, ऑपरेशन, किंवा लोहाची कमतरता, आणि तुमच्या आईचं कमी हिमोग्लोबिन बघता मला आधी तीच शंका येते, म्हणून फेरिटिन, म्हणजे शरीरातला लोहाचा साठा दाखवणारी रक्ततपासणी, करून घ्या. थ्रोम्बोसायथेमिया मात्र वेगळं, तिथे बोनमॅरोच (हाडांतला मगज, जिथे रक्तपेशी तयार होतात) जास्त प्लेटलेट बनवतो, जॅक २ सारखी जीन टेस्ट लागते. काही डॉक्टर दोन्ही शब्द एकच असल्यासारखे वापरतात, तिथेच घोळ होतो! काही आठवड्यांनी सीबीसी परत करा, आकडा तसाच राहिला तर रक्तविकारतज्ज्ञांना दाखवा. आणि हो, गुठळीच्या भीतीने ॲस्पिरिन मनाने सुरू करू नका.