ट्रॉली बॅगेचे हँडल अकराव्या महिन्यात अडकले आणि वॉरंटी नाकारली गेली. आता काय करावे?

आपण लिहिता की, मुंबईतील दुकानातून घेतलेल्या चार चाकांच्या कडक बॅगेचे ओढायचे हँडल अकराव्या महिन्यात अर्ध्यावर अडकले. वॉरंटी पाच वर्षांची असूनही दुकानदार ‘हे कंपनीचे काम’ म्हणून हात झटकतो, सेवा केंद्राने ‘विमानात आपटली असणार’ असे फोनवरच सांगून दावा नाकारला, आणि आपण राहता कोल्हापुरात. माझ्या मते आपला दावा अजून संपलेला नाही, कारण तो लेखी स्वरूपात मांडलाच गेलेला नाही.

प्रथम वॉरंटी कार्डाच्या मागचा बारीक मजकूर शांतपणे वाचावा. साहित्यातील व कारागिरीतील दोष कंपनी आपल्याकडे घेते. वापराने होणारी झीज, ओरखडे, अतिरिक्त वजन आणि वाहतूक करणाऱ्यांच्या हाताळणीने झालेले नुकसान मात्र सहसा वगळलेले असते. सेवा केंद्र नकार देते ते या वगळलेल्या बाबींवर बोट ठेवून. म्हणूनच ‘प्रवासात कुठे धक्का लागला असेल तर कल्पना नाही’ असे सौजन्यापोटी लिहिलेले एखादे वाक्य आपल्याच अंगाशी येते. तक्रारीत काय बिघडले, कधी लक्षात आले आणि बिघाड नेमका कोठे आहे, एवढेच लिहावे.

हे मी अनुभवाने शिकलो. २०२२ मध्ये घेतलेल्या माझ्या बॅगेचे एक चाक चौथ्याच प्रवासात दादरच्या फलाटावर बैठकीसकट निखळले. ‘रफ हँडलिंग’ हे दोन शब्द लिहून दावा परत आला. त्या रात्री मी बॅग रिकामी करून आतल्या अस्तराची चेन उघडली. या अस्तराच्या मागे चाकांच्या बैठकांचे स्क्रू आणि हँडलच्या नळ्या असतात, हे पुष्कळांना ठाऊक नसते. इतर तीन चाकांना चार-चार स्क्रू होते. निखळलेल्या चाकाच्या चार भोकांपैकी तीन फाटलेली होती आणि चौथे अगदी गुळगुळीत होते. त्यात आट्यांची एकही खूण नव्हती. तिथे स्क्रू कधी बसवलाच नव्हता, आणि सगळा भार तीन स्क्रूंवर आल्यामुळे ते उपटले गेले होते. शेजारच्या धड चाकाचे आणि या चाकाचे छायाचित्र एकाच चौकटीत घेऊन मी पाठवले, तेव्हा नऊ दिवसांत दुसरी बॅग मिळाली. ज्या छायाचित्रात नुसते तुटलेले चाक दिसत होते, त्याचा काहीही उपयोग झाला नव्हता.

आपणही अस्तर उघडून नळ्या पाहाव्यात. बटण दाबल्यावर दोन्ही नळ्यांमधल्या खिट्ट्या एकदमच आत जायला हव्यात. एक आत जाते, दुसरी बाहेरच राहते आणि नळ्या मात्र सरळ आहेत, असे दिसले तर दोष यंत्रणेत आहे असे म्हणायला भक्कम आधार मिळतो. त्याचे वीस-पंचवीस सेकंदांचे चित्रीकरण करावे. उलट नळी वाकलेली असेल आणि तिच्या पाठीमागे बॅगेच्या कवचावर खोक पडलेली असेल, तर आपली बाजू कमकुवत आहे, हे स्पष्टपणे सांगणे मला योग्य वाटते. तपासणीपूर्वी बॅग गल्लीतल्या कारागिराकडे दुरुस्तीला मुळीच देऊ नये, कारण त्याने खिट्टी बदलली की पुरावाच नाहीसा होतो.

विमानाच्या आक्षेपाला तारखांनी उत्तर द्यावे. आपण बॅग विमानाने एकदाच नेली, तीही सात महिन्यांपूर्वी, आणि त्यानंतर तीन वेळा रेल्वेने नेताना हँडल नीट चालत होते, असे आपणच लिहिले आहे. ते तिकिटांसह मांडावे. बॅग खरोखरच विमान कंपनीने फोडली असती, तर मार्ग वेगळा होता: विमानतळ सोडण्यापूर्वीच काउंटरवर नोंद करायची आणि बॅग हाती आल्यापासून सात दिवसांच्या आत लेखी तक्रार द्यायची.

बिलाकडे आजच लक्ष द्यावे. दुकानातले बिल उष्णतेने छापणाऱ्या कागदावर असेल, तर वर्षभरात ते कोरे पडत जाते. मोबाइल क्रमांकावरून दुकानदार बहुधा दुसरी प्रत काढून देऊ शकतो, आणि यूपीआयची नोंद त्याला जोड म्हणून चालते.

यानंतर कंपनीला ईमेल पाठवून दुकानदारालाही त्याची प्रत द्यावी, आणि दावा नाकारायचा असल्यास बॅग प्रत्यक्ष तपासून कारणासह लेखी कळवावे, अशी मागणी करावी. फोनवरच्या नकाराला पुढे कोणी विचारत नाही. पंधरा दिवसांत उत्तर आले नाही, तर राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनच्या १९१५ या क्रमांकावर तक्रार नोंदवावी. हेल्पलाइन आदेश देत नाही, ती तक्रार कंपनीपर्यंत पोहोचवून उत्तर मागते. तरी एवढ्यानेही पुष्कळ प्रकरणे हलतात.

तेवढ्यानेही भागले नाही, तर ग्राहक संरक्षण अधिनियम, २०१९ नुसार तक्रार आपण राहता त्या जिल्ह्याच्या ग्राहक आयोगाकडे, म्हणजे कोल्हापुरातच दाखल करता येते. खरेदी मुंबईत झाली म्हणून मुंबईला खेटे घालावे लागत नाहीत. खरेदीची रक्कम पाच लाखांपर्यंत असल्यास शुल्क नाही, आणि वकील देणे सक्तीचे नाही. दुकानदार आणि कंपनी या दोघांनाही विरुद्ध पक्ष करावे, म्हणजे एकमेकांकडे बोट दाखवण्याची सोय उरत नाही. दोष दूर करणे, वस्तू बदलून देणे, पैसे परत करणे आणि भरपाई देणे, असे आदेश आयोग देऊ शकतो. वॉरंटी कार्डावर केवळ दुरुस्तीच लिहिलेली असते म्हणून आपण आधीच माघार घेऊ नये. तक्रारीचे कारण घडल्यापासून दोन वर्षांची मुदत मात्र आहे, आणि ‘वरिष्ठांकडे पाठवले आहे’ अशा उत्तरांत ती भराभर सरते.

तपासणीसाठी बॅग सोपवताना तिचा क्रमांक, दिनांक आणि ‘हँडल अडकलेले, नळ्या सरळ, कवच अखंड’ अशी स्थिती लिहिलेली सही-शिक्क्याची पोच घ्यावी. अशी पोच दिली जात नसेल, तर बॅग त्यांच्या टेबलावर ठेवू नये.