कादंबरीसाठी ‘अनेक बाजूंचं सत्य’ मानणारं काल्पनिक दर्शन रचायचं आहे. सुरुवात कुठून करू?

तुम्ही लिहिलंय की कादंबरीतली माणसं खाडीकाठची आहेत आणि त्यांच्या दर्शनाचा पाया ‘ज्याला जे दिसतं ते त्याच्यापुरतं खरं’ हा आहे. तुम्ही स्वतः ऐरोलीच्या, म्हणजे खाडी रोजच्या बघण्यातली. ती निवड झकास आहे. पाया मात्र दोन प्रकरणंसुद्धा तग धरणार नाही. सगळेच बरोबर असतील तर तुमच्या पात्रांनी भांडायचं कशावर?

मी काही तत्त्वज्ञानाचा प्राध्यापक नाही. ठाण्यात जांभळी नाक्याजवळ आमचं सोनाराचं छोटं दुकान आहे. गिऱ्हाइकांत जैन मंडळी बरीच. त्यांच्याबरोबर चातुर्मासात टेंभी नाक्याच्या देरासरात, म्हणजे जैन मंदिरात, प्रवचनाला बसायला लागलो, अर्धं गुजराती डोक्यावरून गेलं, उरलेल्या अर्ध्यासाठी पुस्तकं वाचत सुटलो. तुम्हाला हवा तसा पाया जैनांच्या ‘अनेकांत’ विचारात आहे : वस्तूलाच खरोखर अनेक बाजू असतात. त्यामुळे हे उत्तर दुकानातूनच सुरू करतो.

मागच्या लग्नसराईत कळव्याहून तिघं आली. आजी, त्यांचा मुलगा, नात. आजींच्या पाटल्या मोडून नातीचा हार करायचा होता. मुशीत पाटल्या ठेवल्या, टाकणखाराची चिमूट टाकली, ज्योत लावली. आधी कड लाल झाली, मग नक्षी बसली, आणि बघता बघता मुशीच्या तळाला थरथरणारा एक गोळा उरला. आजींनी पदर तोंडाला लावला. नात मोबाइलवर हाराचा फोटो पुन्हा पुन्हा मोठा करून बघत होती. मुलाची नजर वजनकाट्यावर.

जैन आचार्य समंतभद्रांच्या आप्तमीमांसा या ग्रंथात शेकडो वर्षांपूर्वीच हे तिघं येऊन गेलेत. सोन्याचा घट मोडून मुकुट होतो. घट हवा असलेला रडतो, मुकुट हवा असलेला खूश होतो, नुसतं सोनं हवं असलेल्याला सुखही नाही, दुःखही नाही. पुढचं बारकाईनं वाचा, कारण तुमच्या दर्शनाचा पाया इथं आहे. ते म्हणतात, तिघांच्याही भावनांना कारण आहे. काहीतरी खरोखर नष्ट झालं, काहीतरी खरोखर जन्मलं आणि काहीतरी खरोखर टिकलं. उमास्वातींच्या तत्त्वार्थसूत्र या जैन ग्रंथात अस्तित्वाची व्याख्याच तशी आहे : उत्पाद (जन्मणं), व्यय (नष्ट होणं) आणि ध्रौव्य (टिकणं), तिन्ही एकत्र. म्हणजे अनेकपणा बघणाऱ्यांच्या मनातला नाही, तो पाटलीतच आहे.

आता गंमत ऐका. लगड काट्यावर ठेवली तर वजनात घट. वर कॅरेट मशीनवर बावीस म्हणून आणलेलं सोनं वीसच्याही खाली. जुन्या पाटल्यांना डाख, म्हणजे सांधायचा हलका धातू, बराच असतो. इतका वेळ शांत असलेला मुलगा उसळला. ‘‘आईच्या मते ते बावीसच आहे.’’ मी म्हटलं, भाऊ, बावीस कॅरेट म्हणजे शंभरात एक्क्याण्णव पूर्णांक सहा भाग सोनं. इथं आईचं मत चालत नाही. अनेकांत मानणारा माणूस काटा फेकून देत नाही, हे तुमच्या कादंबरीत कुणीतरी कुणालातरी ऐकवलं पाहिजे.

जैन तर्कात विधानाआधी ‘स्यात्’ लावतात. या शब्दाचा अर्थ लोक ‘कदाचित’ असा करतात आणि तिथंच सगळं बिघडतं. इथं त्याचा अर्थ ‘अमुक एका अपेक्षेने’, म्हणजे अमुक बाजूनं पाहिलं तर. बाराव्या शतकातल्या जैन आचार्य हेमचंद्रांनी तीन वाक्यांत फरक दाखवलाय : ‘आहेच’ हा दुर्नय (एकाच बाजूचा हट्ट), ‘आहे’ हा नय (एका बाजूनं बघणं), ‘स्यात् आहे’ हे प्रमाण (पुरतं ज्ञान). आपल्या मराठीतल्या ‘च’वर चाललेला हा खटला आहे म्हणा ना. पण सप्तभंगीचं, म्हणजे एकाच गोष्टीबद्दलच्या सात ‘स्यात्’ विधानांचं, पहिलं वाक्य नीट मांडताना ‘स्यात्’च्या जोडीला ‘एव’ येतो, म्हणजे तोच ‘च’. या अपेक्षेने हे असंच आहे. अट सांगितलीत तर ‘च’ वापरायची मुभा आहे. संशयाला तिथं जागा नाही. (सात वाक्यांचा बाऊ करू नका. आहे, नाही आणि दोन्ही एकाच वेळी सांगता येत नाही, या तिघांचे एकेकटे आणि जोडून होणारे प्रकार मोजा, सातच भरतात.)

तुमच्या दर्शनाला एक चांगला शत्रूही द्या, विनोदी असला तर उत्तम. बौद्ध तार्किक धर्मकीर्तींनी विचारलं होतं, प्रत्येक वस्तू जर दुसरी वस्तूही असेल, तर ‘दही खा’ म्हटल्यावर माणूस उंटाकडे का धावत नाही? जैन तार्किक अकलंकांनी परतफेड केली : तुमचे बुद्ध मागच्या एका जन्मी हरीण होते ना, मग बुद्धांना वंदन आणि हरीण मात्र खायला, असं का? टोमण्याच्या आत मुद्दा आहे. हरीण आणि बुद्ध यांचा धागा एक असला तरी अवस्था वेगळ्या, आणि व्यवहार अवस्थेशी होतो. दही आणि उंट यांच्यात तर तसा धागाही नाही.

आंधळे आणि हत्तीची गोष्ट टाळा. फार झिजलीय. शिवाय उदान या बौद्ध ग्रंथात ती भांडणाऱ्या पंथांची टर उडवायला आलीय, तिथल्या राजाला हत्ती पूर्ण दिसतो. त्याऐवजी नय वापरा, त्यांत पात्रं दडलेली आहेत. घोडबंदर रोडवर घरातून पायही न काढलेला माणूस फोनवर ‘पोचलोच’ म्हणतो, तो नैगम नय. हेतूलाच काम झालं असं धरून बोलणं. दुसऱ्या टोकाला एवंभूत नय : सोनार हा सोनं घडवत असतानाच सोनार, एरवी नाही. या दोन नयांच्या माणसांचं लग्न लावून द्या आणि संसार बघा.

आणि खाडी तर आहेच. ओहोटीला ‘पाणी आहे का?’ हा प्रश्न तुमच्या लोकांत अर्धवट मानला जाऊ दे. कुणाला विचारायचंय? होडीवाल्याला नाही, चिखलात निवट्या धरणाऱ्याला हवं तेवढं आहे. सहाएक तासांनी उत्तरं उलटतात. अपेक्षा न सांगता विचारणाऱ्याला तिथली म्हातारी उत्तरच देत नाही, असा रिवाज ठेवा. पण होडी रुतली तर ती रुतलीच, तिथं कुणी ‘माझ्या दृष्टीने तरंगतेय’ म्हणालं तर लोकांनी हसावं.

आजींचं राहिलं. हाराला सोनं द्यायच्या आधी त्यांनी लगडीतून एक कण बाजूला काढायला लावला, ग्रॅमभरही नसेल. म्हणाल्या, एवढी पाटली माझ्याकडे राहू दे. मी पुडी बांधली, पावतीवर काय लिहू विचारलं. मुलगा म्हणाला, तुकडा लिहा. आजी म्हणाल्या, पाटली. मी वजन आणि कॅरेट लिहिलं आणि वर ‘पाटली’ लिहिलं.